फादर थॉमस स्टीफन्स यांचे चरित्र व त्यापासून घ्यावयाचा बोध



महोत्सवाचे वर्ष आले म्हणजे मागे वळून हिशेब करण्याची आपणा सर्वांस सवय आहे. देऊळ केव्हा बांधले, घंटा कोणी दिली, शाळा कोणत्या साली निघाली, कोणकोणत्या धर्मगुरूंनी येथे सेवा केली, याची नोंद अशा स्मरणिकेत असावी हे योग्यच आहे. परंतु दगडचुन्याचा हिशेब जितका सोपा, तितका मनुष्याच्या आयुष्याचा हिशेब सोपा नसतो. एखाद्याचे काम त्याच्या डोळ्यांदेखत पुरे होते आणि त्याच्यामागे लवकरच विसरले जाते. दुसऱ्याचे काम त्याच्या हयातीत अपुरे राहते आणि शेकडो वर्षे लोटल्यावर फळास येते. या दुसऱ्या प्रकारच्या एका पुरुषाची हकीकत आज आपणापुढे ठेवावी, असे योजिले आहे. हा पुरुष जन्माने इंग्रज, व्रताने येशूसंघीय आणि वाणीने मराठी होता. गोव्यातील लोक त्यांस पाद्री एस्तेव्हांव म्हणत. त्यांचे मूळ नाव थॉमस स्टीफन्स.

मित्राची सोबत

स्टीफन्स यांचा जन्म इसवी सन 1549 च्या सुमारास इंग्लंडातील विल्टशायर परगण्यात बुश्टन या गावी एका व्यापाऱ्याच्या घरी झाला. त्यांच्या तरुणपणी इंग्लंडच्या गादीवर राणी एलिझाबेथ होती आणि कॅथलिक उपासनेस कायद्याने बंदी होती. त्याच काळात त्यांचा स्नेह थॉमस पाउंड नावाच्या एका श्रीमंत गृहस्थाशी जडला. पाउंड हे एके काळी राणीच्या दरबारात वावरलेले. तो थाट त्यांनी टाकून दिला होता. पकडले जाण्याचा धोका चुकविण्यासाठी हे दोघे मालक आणि नोकर अशा वेषाने हिंडत असत. नोकराचा वेष स्टीफन्स यांचा. दोघांनी मिळून रोमला जावे व येशूसंघात प्रवेश घ्यावा, असा त्यांचा बेत ठरला होता.

परंतु निघण्यापूर्वीच पाउंड पकडले गेले. त्यांच्या आयुष्याची पुढील सुमारे तीस वर्षे निरनिराळ्या तुरुंगांत गेली. स्टीफन्स एकटेच रोमला पोहोचले व 1575 साली येशूसंघात दाखल झाले. येथे एक गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. आपला हेतू साधला म्हणून ते मित्रास विसरले नाहीत. संघाच्या मुख्याधिकाऱ्यांकडे त्यांनी बंदिवासातील मित्राची गोष्ट मांडली, त्याच्यासाठी विनंती केली, आणि 1578 साली पाउंड यांस तुरुंगात असतानाच पत्राने संघात घेण्यात आले. ज्यास आपल्याबरोबर चालता आले नाही त्याच्यासाठी पुढे जाऊन दार उघडून ठेवणे, हा स्टीफन्स यांच्या चरित्रातील पहिला धडा होय. आपणांपैकी पुष्कळजण गावाबाहेर पडले, शिकले व मोठ्या हुद्द्यावर चढले. मागे राहिलेल्यांची आठवण किती जणांनी ठेविली, हा प्रश्न ज्याने त्याने स्वतःस विचारावा.

समुद्रावरील सहा महिने

1579 च्या एप्रिल महिन्याच्या 4 तारखेस स्टीफन्स लिस्बन बंदरातून निघाले. पाच गलबतांचा तो तांडा होता. आफ्रिकेच्या किनाऱ्याने, विषुववृत्त ओलांडून, केप ऑफ गुड होपला वळसा घालून ते ऑक्टोबरच्या 24 तारखेस गोव्यास उतरले. सहा महिने वीस दिवसांचा हा प्रवास. उतरल्यावर तीन आठवडे लोटले नाहीत तोच त्यांनी आपल्या वडिलांस एक लांब पत्र लिहिले. ते पुढे इंग्लंडात हॅक्लुट यांच्या प्रवाससंग्रहात छापले गेले. वारा पडल्यामुळे गलबते जागच्या जागी कशी खोळंबून राहतात, होकायंत्राची सुई खऱ्या उत्तरेपासून कशी ढळते, पाण्यावर कोणते पक्षी व पाण्यात कोणते मासे दिसतात, जमीन जवळ आल्याच्या खुणा कोणत्या, हे सारे त्यांनी बापास घरी बसून दिसावे अशा रीतीने सांगितले आहे. वाटेत आजाराने 27 माणसे दगावली. इतर खेपांच्या मानाने ही संख्या थोडीच, असेही ते लिहितात. त्या एका वाक्यावरून त्या काळच्या प्रवासाची कल्पना यावी.

या पत्रात स्वतःच्या हालांचे रडगाणे नाही आणि स्वतःच्या धैर्याची फुशारकीही नाही. आहे ते केवळ पाहणे. जे समोर आहे ते आधी नीट पाहावे आणि मग बोलावे, ही त्यांची वृत्ती. हिंदुस्थानात वस्ती करून राहिलेला पहिला इंग्रज म्हणून इतिहासात त्यांची गणना होते. त्यांच्यामागून आलेले त्यांचे देशबंधू वखारी घालण्यास आणि राज्य करण्यास आले. स्टीफन्स आले ते पाहण्यास आणि शिकण्यास, हा भेद पुढील हकीकतीवरून स्पष्ट होईल.

कुंकळीचा प्रसंग

1580 साली स्टीफन्स यांस गुरुदीक्षा मिळाली व त्यांची नेमणूक साष्टी प्रांतात झाली. ही साष्टी म्हणजे मुंबईजवळची नव्हे. मडगाव, राचोल, कुंकळी वगैरे गावे असलेला गोव्याचा दक्षिण भाग तो. तेथे त्या वेळी मोठी तेढ माजली होती. पोर्तुगीज सत्तेने तेथील देवळे पाडली होती, लोकांच्या पोथ्या हिरावल्या होत्या, आणि लोकांची मने दुखावली होती. हे लिहिताना लेखणी अडखळते; परंतु इतिहास लिहावयाचा तो खरा लिहावा.

1583 च्या जुलै महिन्याच्या 15 तारखेस कुंकळी येथे येशूसंघाचे पाच जण ठार मारले गेले. त्यांत फादर रुदोल्फ आक्वाव्हिवा होते. थोड्याच दिवसांपूर्वी ते बादशहा अकबराच्या दरबारातून परत आले होते. त्यांच्याबरोबर काही प्रापंचिक ख्रिस्ती मनुष्येही मारली गेली. येशूसंघाच्या या पाच जणांस पुढे 1893 साली पोप तेरावे लिओ यांनी धन्यवादितांच्या पदास चढविले. दुसऱ्या बाजूस, पोर्तुगीज अधिकाऱ्यांनी कुंकळीच्या गावकऱ्यांच्या प्रमुखांस बोलणी करण्याच्या निमित्ताने असोळण्याच्या किल्ल्यात बोलावून ठार केले. त्यांचीही आठवण त्या गावाने जपून ठेविली आहे.

आपल्या बंधूंची प्रेते ताब्यात घेऊन त्यांस मूठमाती देण्याचे काम स्टीफन्स यांच्या वाट्यास आले. वाचकहो, क्षणभर थांबून विचार करा. वय चौतीसच्या आसपास, देश परका, आणि समोर आपल्याच माणसांची छिन्नभिन्न शरीरे. अशा वेळी मनुष्य एक तर सूड मागतो किंवा परतीचे गलबत शोधतो. स्टीफन्स यांनी दोन्ही केले नाही. त्याच वर्षी 24 ऑक्टोबरला, म्हणजे गोव्यास पाय लावल्याला बरोबर चार वर्षे झाली त्या दिवशी, त्यांनी पॅरिस येथील आपला भाऊ रिचर्ड यास पत्र लिहिले. त्या पत्रात या देशातील भाषांविषयी त्यांनी असे नमूद केले की, त्या पुष्कळ आहेत, त्यांचा उच्चार कानास गोड लागतो आणि त्यांची घडण लॅटिन व ग्रीक भाषांसारखी आहे. सर विल्यम जोन्स यांनी संस्कृत, ग्रीक व लॅटिन यांचे नाते 1786 साली कलकत्त्यास जगापुढे मांडले. त्याच्या दोनशे वर्षे आधी साष्टीतील एका धर्मगुरूच्या ध्यानात हे साम्य आले होते.

ज्या मुलखात आपल्या बंधूंचे रक्त सांडले, त्याच मुलखाच्या बोलीत ग्रीक व लॅटिन यांच्या तोडीचे सौंदर्य तीन महिन्यांनी पाहता येणे, ही लहान गोष्ट नव्हे. क्षमा ही केवळ तोंडाने उच्चारावयाची नसते. ज्याचा आपणांस राग यावयाचा त्याच्यातील चांगले पाहू शकणारी दृष्टी, हीच खरी क्षमा होय.

त्याच वर्षाच्या अखेरीस राल्फ फिच, जॉन न्यूबेरी व त्यांचे दोन सोबती हे इंग्रज प्रवासी होर्मूझ येथे हेर म्हणून पकडले जाऊन गोव्याच्या तुरुंगात आले. त्यांच्या सुटकेसाठी जामीन मिळवून देण्यात स्टीफन्स पुढे झाले. ज्या राज्याच्या कायद्यामुळे स्टीफन्स यांस देश सोडावा लागला व ज्याने त्यांच्या मित्रास कोठडीत डांबून ठेविले होते, त्याच राज्याचे हे प्रजाजन. परंतु संकटात सापडलेल्याचा पंथ विचारीत बसणे त्यांच्या स्वभावात नव्हते.

विद्यार्थी होऊन राहणे

तिशी उलटल्यावर नवी भाषा शिकणे म्हणजे पुन्हा मूल होणे होय. लॅटिनमध्ये पारंगत असलेल्या या पंडितास साष्टीतील शेतकऱ्याच्या पोराइतकेही बोलता येत नव्हते. त्यांनी ही लहानपणाची लाज पत्करली. लोकांची घरची बोली कोंकणी ते शिकले. त्या बोलीत मुलांसाठी धर्मशिक्षणाची प्रश्नोत्तरे तयार केली, आणि तिचे व्याकरण रचिले. मराठी ही त्या लोकांच्या पोथ्यापुराणांची भाषा; तिचाही त्यांनी असा अभ्यास केला की, ओवी त्यांच्या लेखणीतून सहज उतरू लागली. त्यांच्याच काळी पैठणास एकनाथ महाराज ओवीबद्ध ग्रंथ रचीत होते, हे ध्यानात घेतले म्हणजे मराठी वाङ्मयाच्या कोणत्या भरभराटीच्या काळात हा परदेशी शिष्य येऊन बसला, हे कळून येईल.

मग एक दिवस असा आला. साष्टीतील देवळात मुले धर्मशिक्षणाचे पाठ म्हणत होती. ते ऐकून एका नवख्रिस्ती ब्राह्मणाने विचारिले की, हे शिक्षण चांगले आहे, परंतु आमच्या पूर्वीच्या पुराणांच्या जागी वाचावयास आम्हांस दुसरे पुराण का देत नाही? ही हकीकत स्टीफन्स यांनी स्वतः आपल्या ग्रंथाच्या आरंभी घातली आहे. त्या प्रश्नात केवळ मागणी नव्हती. एक रिकामी झालेली जागा होती. ज्या लोकांच्या पोथ्या गेल्या, त्यांच्या संध्याकाळी मुक्या झाल्या होत्या. सत्तेने ती जागा रिकामी केली आणि तिच्याकडे पुन्हा पाहिले नाही. स्टीफन्स यांनी पाहिले. गेलेले परत देणे त्यांच्या हाती नव्हते. परंतु मनुष्यास नियमांचे पाठ पुरत नाहीत, त्यास कथा लागते, गाणे लागते, चार माणसांत बसून ऐकावयास काही लागते, हे त्यांस कळले.

या मागणीतून ख्रिस्तपुराण जन्मास आले. त्याचे दोन भाग आहेत. पहिल्यात जगाच्या उत्पत्तीपासून जुन्या कराराची कथा आणि दुसऱ्यात प्रभू येशूचे चरित्र. पहिल्याचे 36 व दुसऱ्याचे 59 मिळून 95 अध्याय. ग्रंथकाराचा त्यांस शब्द ‘अवस्वरू’. एकंदर ओव्या सुमारे 11,000. गुरूने सांगावे व श्रोत्यांनी मध्येच शंका विचारावी, ही आपल्या पुराणांची रीत त्यांनी कायम ठेविली. स्वर्गास ते वैकुंठ म्हणतात, कारण ऐकणाऱ्याच्या कानास तोच शब्द ओळखीचा. मराठी भाषेची थोरवी त्यांनी ज्या ओव्यांत गाइली आहे, त्या तर आज शाळेतील मुलांच्याही परिचयाच्या झाल्या आहेत. शुद्ध मराठी सामान्यजनांस कळणार नाही म्हणून तीत त्यांच्या बोलीतील सोपे शब्द मिसळले आहेत, असे ते प्रस्तावनेत मोकळेपणाने सांगतात. आपले पांडित्य दाखविण्यापेक्षा ऐकणाऱ्यास समजणे अधिक मोलाचे, हा त्यांचा सिद्धांत. व्याख्याने देणाऱ्या, धडे शिकविणाऱ्या व लेख लिहिणाऱ्या आपण सर्वांनी तो भिंतीवर लिहून ठेवावा असा आहे.

अपुरी राहिलेली इच्छा

आता या चरित्रातील अत्यंत हृदयस्पर्शी भाग सांगावयाचा आहे. गोव्यात छापखाना 1556 सालीच आला होता. परंतु त्याची अक्षरे रोमन. दक्षिणेस कोल्लम येथे 1578 साली तामिळ खिळ्यांनी पुस्तक छापले गेले होते. आपल्या लोकांसही त्यांच्या भाषेत व त्यांच्याच लिपीत छापलेले पुस्तक मिळावे, ही स्टीफन्स यांची मोठी आकांक्षा. 1608 च्या डिसेंबरात त्यांनी रोम येथे संघाचे मुख्याधिकारी क्लाउदिओ आक्वाव्हिवा यांस पत्र लिहून विनंती केली की, मरणापूर्वी हे पाहावे अशी फार दिवसांची इच्छा आहे. ज्यांस हे पत्र गेले ते कुंकळीस मारल्या गेलेल्या फादर रुदोल्फ यांचे सख्खे काका. पुतण्यास ज्याने मूठमाती दिली, त्याने पंचवीस वर्षांनी काकांपाशी काही मागितले ते देशी अक्षरांचे खिळे.

ते खिळे मिळाले नाहीत. जोडाक्षरे धरून शेकडो खिळे पाडावे लागतील ही अडचण होती, व खर्चही होता. 1616 साली राचोल येथे ख्रिस्तपुराण छापून निघाले ते रोमन लिपीत. तीन वर्षांनी, 1619 साली, गोव्यातच स्टीफन्स यांनी देह ठेविला. चाळीस वर्षे ते या भूमीत राहिले. मायदेशी परत गेले नाहीत. त्यांची कोंकणी प्रश्नोत्तरे त्यांच्या मृत्यूनंतर 1622 साली छापली गेली. व्याकरण तर दुसऱ्यांनी वाढवून 1640 साली छापिले; हिंदुस्थानातील भाषेचे छापलेले पहिले व्याकरण म्हणून त्याचा मान आहे.

पुढे दिवस आणखी फिरले. 1684 साली पोर्तुगीज व्हाइसरॉयने हुकूम काढिला की, लोकांनी तीन वर्षांच्या आत देशी भाषा सोडून पोर्तुगीज बोलावी. ज्या भाषेपुढे स्टीफन्स विद्यार्थी होऊन बसले, तीच टाकून देण्याचा हा आदेश. पुराणाच्या 1616, 1649 व 1654 अशा तीन आवृत्त्या निघाल्या होत्या. त्यांपैकी एकाही छापील आवृत्तीची प्रत आज उपलब्ध नाही. त्या वेळी एखाद्याने हिशेब मांडिला असता तर त्याने खचित म्हटले असते की, या मनुष्याचे चाळीस वर्षांचे श्रम वाया गेले.

परंतु तो हिशेब चुकला असता. गोव्यातून कानडा प्रांतात गेलेल्या ख्रिस्ती कुटुंबांनी पुराणाच्या हस्तलिखित प्रती बरोबर नेल्या, त्यांच्या नकला केल्या आणि पिढ्यान् पिढ्या त्या मोठ्याने वाचल्या. नकला करणाऱ्यांची नावे बहुतेक कोणास ठाऊक नाहीत. त्या प्रतींवरून जोसेफ सालदान्हा यांनी 1907 साली मंगळूर येथे ग्रंथ पुन्हा छापिला, पुन्हा रोमन लिपीतच. नंतर लंडन येथील प्राच्य विद्यालयात विल्यम मार्सडेन यांच्या संग्रहात त्याच पुराणाची एक हस्तलिखित प्रत असल्याचे अमेरिकन मिशनरी जस्टिन अॅबट यांनी प्रकाशात आणिले. ही प्रत देवनागरी लिपीत आहे. मूळ ग्रंथ कोणत्या लिपीत लिहिला गेला याविषयी पंडितांत मतभेद आहेत. परंतु कोणा अज्ञात हाताने ग्रंथकर्त्याची इच्छा बोरूने पुरी केली होती, एवढे खरे. शेवटी 1956 साली शांताराम बंडेलू यांनी पुणे येथून ख्रिस्तपुराण देवनागरीत छापून काढिले. 1608 ची विनंती 348 वर्षांनी मान्य झाली.

उपसंहार

या चरित्रातून बोध काय घ्यावयाचा? जीवनाचे तत्त्वज्ञान म्हणून स्टीफन्स यांनी निराळा ग्रंथ लिहिला नाही. त्यांचे तत्त्वज्ञान त्यांच्या आचरणात आहे. ज्यास शिकवावयाचे त्याच्यापाशी आधी शिकावे. संतापाच्या प्रसंगी डोळे उघडे ठेवावे. जेथे दुसऱ्यांनी जागा रिकामी केली तेथे काही पेरून जावे. आणि पीक दिसले नाही म्हणून पेरणे थांबवू नये. या चार गोष्टी बोलावयास सोप्या आहेत. त्या त्यांनी चाळीस वर्षे करून दाखविल्या.

आपल्या घराघरांतही अशी अपुरी कामे आहेत. कोणी मुलास शिकविले व त्याचा पगार पाहण्यास जगला नाही. कोणी विहिरीस हात घातला आणि पाणी लागले ते नातवाच्या वेळी. कोणी म्हातारी संध्याकाळच्या प्रार्थनेस नातवंडांस हाक मारीत राहिली व तिच्यामागे पंधरा वर्षांनी एका नातवास ती हाक ऐकू आली. अशा माणसांची नावे महोत्सवाच्या फलकावर येत नाहीत. तथापि त्यांनी पेरलेल्यावरच आपण उभे आहोत.

वाचकहो, ही स्मरणिका हातावेगळी करण्यापूर्वी तिच्या एखाद्या पानावरून सहज बोट फिरवा. जाहिरातींपासून नावांच्या याद्यांपर्यंत सारे देवनागरीत छापले आहे, आणि त्यात आपणांस काही विशेष वाटत नाही. एक मनुष्य साता समुद्रांपलीकडून येऊन, म्हातारपणी, मरणापूर्वी एकदा अशी अक्षरे छापलेली पाहावी म्हणून विनवणी करीत होता. त्यांस जे लाभले नाही ते आपल्या मांडीवर पडले आहे. त्याचा आपण काय उपयोग करतो, यावरूनच आपल्या महोत्सवाचे मोल ठरेल.